तुमचा खड्डा तो माझा खड्डा

निवडणूक प्रचाराच्या जाहिरातींची टर उडवणाऱ्या छोट्या फिल्म दोघी बहिणी मिळून करायच्या. थोरली लिहायची, कॅमेरा धरायची, कापायची, जोडायची. धाकटी उमेदवारीणबाई व्हायची: हात जोडायचे, आश्वासन द्यायचं आणि कॅमेऱ्याकडे बघून एकदा पापणी मिटायची. लोकांना हसू फुटायचं ते त्या पापणीपाशी. पापणी मिटतानाची ती शांतता किती ताणायची, हे थोरली ठरवायची. जरा कमी पडली की विनोद मरतो, हे तिनं पुन्हापुन्हा पारखून घेतलं होतं.

पण बाजारात भाजीवाली ओळखायची ती धाकटीला. "अगंबाई, उमेदवारीणबाई! एक फोटो होऊन जाऊ दे." आणि फोन थोरलीच्या हातात. "तुम्ही काढा हो. हात हलवू नका तेवढा."

थोरलीनं हात हलवला नाही. आयत्या बिळावर नागोबा, असं मनात म्हणत तिनं फोटो काढला.

पुढच्या फिल्ममध्ये धाकटी रस्त्यातल्या खड्ड्यात उभी राहून म्हणाली, "तुमचा खड्डा तो माझा खड्डा." घरी आल्यावर थोरलीनं फिल्ममधून पापणी मिटण्याच्या सगळ्या जागा कापून टाकल्या. वाक्याला वाक्य भिडवलं, मागे बासरीची धून सोडली. बघू आता कोण हसतं ते.

कोणीच हसलं नाही. लोक गहिवरले. 'अशी माणसं निवडून यायला हवीत,' असं फिल्मखाली लिहू लागले. भाजीवालीनं तर धाकटीचे हातच धरले. "आमच्या दारातलाही खड्डा बघा हो, बाई."

"ताई, यातला विनोद कुठे गेला गं?" धाकटीनं विचारलं.

"लोकांना कळला नसेल."

मग एका पक्षाचा प्रचारप्रमुख घरी आला. धाकटीनं केस सावरून खुर्ची पुढे केली. त्यानं तिच्याकडे धड पाहिलंही नाही.

"चेहरे आमच्याकडे पोत्यानं आहेत. ही फिल्म जोडली कोणी? प्रत्येक वाक्यानंतर काहीतरी कापलंय, जाणत्याला दिसतं. तुमच्या आधीच्या फिल्ममध्ये या बाई पापणी मिटतात ना, आमचे साहेबही बोलून झालं की तशीच मिटतात, आणि लोक हसतात. ते कापणारा हात हवाय."

हा प्रश्न कोणीतरी विचारावा, म्हणून थोरली किती दिवस झुरत होती.

"मी जोडली," ती म्हणाली.

धाकटीनं वळून तिच्याकडे पाहिलं. पापणी एकदा मिटली, उघडली. शांतता ताणत गेली, आणि ती कापायला थोरलीच्या हाताशी काहीच नव्हतं.