ओल्शाकाठचं भांडण

ईस्टरनंतर पन्नासाव्या दिवशी येणाऱ्या पेंटेकॉस्टच्या सणाच्या दुसऱ्या दिवशी क्लेनोव्ह शहर आणि नदीपलीकडचं म्निखोवो गाव एकमेकांशी भांडतात. ओल्शा नदीच्या काठी कुरण आहे, कुरणात हद्दीचा मातीचा ढीग आहे. दोन्हीकडून एकेक माणूस ढिगाशी उभा राहतो आणि कुरण आमचंच कसं, ते सांगतो. जो आधी हसेल तो हरला. मग ढीग हरणाऱ्याच्या जमिनीत हातभर सरकवायचा आणि सगळ्यांनी मिळून भल्यामोठ्या तव्यावर अंडी परतून खायची. कुरण आता दूधसंघाच्या ताब्यात आहे आणि त्यावर गायी चरतात, पण त्या गोष्टीचा भांडणाशी काही संबंध नाही, असं दोन्ही गावांचं मत आहे.

क्लेनोव्हकडून कित्येक वर्षं एव्हारिस्त मास्तर भांडायचे. शाळेत भूगोल शिकवायचे, आणि कुरणात इतिहास. फेब्रुवारीत ते गेले.

त्यांची मुलगी बोगना सणासाठी व्रोत्स्वाफहून आली, घराच्या जमिनीवर रिवाजाप्रमाणे वेखंडाची पानं पसरली आणि पाव आणायला सिल्व्हेस्टरच्या दुकानात गेली. तिथेच त्याने तिला गाठलं.

"उद्या तू उभं राहायचंस," पीठभरले हात पुसत सिल्व्हेस्टर म्हणाला.

"मला भांडता येत नाही, काका."

"भांडायला काय लागतं? आमची ही कुठे शिकायला गेली होती?"

"तुमच्याशी लग्न केलं, तेवढं पुरलं!" भट्टीकडून त्याच्या बायकोचा आवाज आला.

"बघ," सिल्व्हेस्टर म्हणाला. मग तो जरा गंभीर झाला. "कुणीच उभं राहिलं नाही तर कुरण कायमचं त्यांचं. तसा नियमच आहे. मास्तर गेले त्याच वर्षी आपण कुरण घालवायचं का, सांग."

बोगनाने पाव पिशवीत ठेवला. ती मोजकं बोलणारी बाई होती. वडिलांच्या अंत्यविधीच्या दिवशीही आलेल्यांना चहा हवा का, एवढंच ती विचारत राहिली होती. पण अडचण वेगळीच होती. बोगनाचं काम जुन्या नदीपात्रांचा अभ्यास करण्याचं. वडील सांगायचे ते खरं नाही, हे तिला ठाऊक होतं. मास्तरांचं म्हणणं असं की राजपुत्राने शहराला सनद दिली तेव्हा नदी हीच हद्द होती, ती कुरणाच्या पलीकडून वाहायची. मग म्निखोवोच्या मठवाल्यांनी गुपचूप चर खणून ती अलीकडे वळवली आणि कुरण लाटलं. बोगनाने त्या कुरणातली माती खोलवरून काढून तपासली होती. नदी आपणहून सरकली होती, आणि तेही शहर वसण्याच्या कितीतरी आधी. वडिलांना हे सांगायचं तिने दर वर्षी ठरवलं आणि दर वर्षी टाळलं.

"येते मी उद्या," ती म्हणाली. वडिलांची जागा रिकामी राहणार नाही, एवढंच तिच्या डोक्यात होतं. तिथे उभं राहून बोलायचं काय, हे तिला अजून सुचलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दोन्ही गावं लोटली. म्निखोवोकडून नेहमीप्रमाणे कुनेगुंदा उभी राहिली. बदकं पाळणारी विधवा, ठेंगणी, डोक्याला फुलाफुलांचा रुमाल, आणि आवाज असा की तिच्या बदकांनी दचकावं. पंच म्हणून फादर हिएरोनिम खुर्चीवर बसले.

"क्लेनोव्हने सुरुवात करावी," ते म्हणाले.

बोगनाने घसा साफ केला आणि खरं ते सांगितलं. गाळाचे थर, जुनं वळण, त्यात साठलेला काळा चिखल, सगळं नीट समजावून. लोक इतके शांत झाले की गायी चरताना ऐकू येत होत्या.

"झालं?" कुनेगुंदाने विचारलं.

"हो."

"म्हणजे कुरण आमचं?"

"पुराव्यावरून तसं दिसतं, मावशी."

सिल्व्हेस्टरने डोक्याला हात लावला. पण कुनेगुंदाचा चेहरा लालबुंद झाला.

"नको मला! फुकटचं कुरण नको! त्या माणसाने आयुष्यभर मला वीतभर जागा सुखासुखी दिली नाही, आणि तू ताटात वाढून आणतेस? बाप होता तो हडकुळा, खोटारडा, पण होता भांडणारा! वर्गात नकाशा उलटा टांगून शिकवायचा!"

"त्यांनी नकाशा कधीच उलटा टांगला नाही," बोगना म्हणाली.

"टांगायचा! म्हणून तर तुमचे लोक पोझनानला निघाले की क्राकुफला पोचतात!"

म्निखोवोकर खदखदून हसले. बोगनाचे कान तापले. पुढची वाक्यं आली ती तिने योजलेली नव्हती.

"निदान पोचतात तरी! तुमचे मठवाले कुठे पोचले? राजपुत्राचा घोडा या कुरणात चिखलात रुतला, तेव्हा आमच्या लोकांनी त्याला दोर लावून ओढून काढला, म्हणून आम्हाला सनद मिळाली! आणि तुमचे लोक काठावर उभे राहून प्रार्थना करत होते, की बुडण्याआधी याने मठाला काहीतरी दान द्यावं!"

हे मास्तरांनीही कधी सांगितलं नव्हतं. सिल्व्हेस्टरने टोपी उडवली.

"तुमच्या लोकांनी ओढलं?" कुनेगुंदा कमरेवर हात ठेवून पुढे आली. "तळघरातलं बटाट्याचं पोतं ओढताना तुमच्या कमरा धरतात!"

"तेव्हा बटाटे नव्हते, मावशी!"

"म्हणूनच राजपुत्राला ओढत बसले असतील, रिकामटेकडे!"

बोगनाने गाल आतून चावला. हसायचं नव्हतं. "आणि चर खणलाच तुमच्या मठाने! माशांची तळी भरायला! उपासाच्या दिवशी मांस चालत नाही, तर ताटात मासा तरी हवा म्हणून आख्खी नदी वळवली!"

"खोटं!" कुनेगुंदा कडाडली. "दर वर्षी तेच खोटं! लाज नाही वाटत तुला, एव्हारिस्त..."

ती थांबली. सगळेच थांबले.

"ते नाही आले आज," बोगना हळूच म्हणाली. "तुम्ही बोला. मी पोचवते."

कुनेगुंदाची हनुवटी थरथरली. तिच्या गळ्यातून एक विचित्र आवाज निघाला, खांदे गदगदले, आणि तिने रुमाल पुढे ओढून तोंड झाकलं.

"हसली!" सिल्व्हेस्टर ओरडला. "जिंकलो!"

"रडली ती!" म्निखोवोकर ओरडले. "आंधळा आहेस का, पाववाल्या?"

"हसली!"

"रडली! रडणं नियमात नाही!"

फादरनी हात वर केले. "मला इथून दिसलं नाही. बोगना, तू समोर होतीस. तूच सांग, काय झालं?"

बोगनाने पाहिलं होतं. सिल्व्हेस्टर तिच्याकडे बघत ओठांनी 'हसली, हसली' करत होता. मास्तरांच्या जागी उभी राहून तिला एवढाच एक शब्द बोलायचा होता. खोटं बोलायला मघाशी काही अडलं नव्हतं. आता मात्र जीभ वळेना.

"रडल्या," ती म्हणाली.

क्लेनोव्हकरांनी एकदम सुस्कारा सोडला. पण कुनेगुंदाने रुमाल खसकन मागे सारला. डोळे लाल, नाक लाल.

"कोण रडलं? मी? त्या हडकुळ्यासाठी? फादर, मी हसले! पोट दुखेपर्यंत हसले!"

"आई, अगं, आपण हरू!" तिची मुलगी मागून कळवळली.

"हरू तर हरू! रडले म्हणवून घेणार नाही मी! आणा फावडी!"

फावडी आली. ढीग फोडायला, वाहायला, पुन्हा रचायला बराच वेळ गेला, आणि कुनेगुंदा त्यावर देखरेख करत उभी होती. "हात माझा धरायचा! सिल्व्हेस्टरचा नाही, त्याचा अस्वलाचा आहे!" तिचा हात आखूड निघाला. त्यावरून आणखी थोडं भांडण झालं.

तवा चढला. अंडी, खारवलेलं मांस, वर चिरलेली कांद्याची पात. बोगना गवतावर बसून दोनदा वाढून घेऊन जेवली. तिसऱ्यांदा वाढायला कुनेगुंदा स्वतः आली आणि गुडघे धरत शेजारी बसली.

"घोड्याचं तू रचलंस ना?"

"तिथल्या तिथे."

"वाटलंच. तुझा बाप तयारी करून यायचा." तिने बोगनाच्या पावाचा तुकडा मोडून तोंडात टाकला. "पुढच्या वर्षी चिखलबिखल, गाळबिळ काही सांगायचं नाही. नाहीतर मी घरीच बसेन."

"नाही सांगणार. मावशी, मी पोचवते म्हटलं होतं. काय सांगू त्यांना?"

कुनेगुंदाने नव्या जागच्या ढिगाकडे पाहिलं. एक गाय त्याच्यावर पुढचे पाय ठेवून उभी होती.

"सांग, हातभर मिळालं म्हणून फुगू नकोस."