पाय उचलला की

"काकू, ब्रेक! ब्रेक!"

मी पाय उचलला. समोरची भिंत धावत आली, पडदा लाल झाला आणि खुर्चीने मला गदागदा हलवलं.

"नुसता पाय उचलून गाडी थांबत नाही हो," शिकवणारी मुलगी हसू दाबत म्हणाली.

"माझं मशीन थांबतं," मी म्हणाले. जन्म गेला कारखान्यात शर्टाच्या कॉलरी शिवण्यात. मोटरचं मशीन ते. पाय दाबला की पळतं, उचलला की गप्प. आता या वयात त्या पायाला दुसरं शहाणपण कुठून सुचणार?

पण हे यंत्र मोठं गमतीचं. सिम्युलेटर म्हणतात त्याला. तीन बाजूंना तीन पडदे, खरं स्टिअरिंग, खरा गिअर. वळण घेतलं की मीही तिकडे कलते, आणि बूड मात्र जागच्या जागी! एकदा तर मी गाडी मुद्दाम तळ्यात घातली. आत काय दिसतं ते बघायचं होतं. काही नाही, नुसतं निळं.

घरी मात्र सांगितलं नव्हतं. आमच्या ह्यांना काचबिंदू. समोरचं स्वच्छ दिसतं, कडेचं दिसत नाही. डॉक्टरांनी गाडी बंद करायला सांगितली, ह्यांनी डॉक्टरच बंद केला. मध्यंतरी फाटकाचा खांब घासला, तर म्हणतात, "खांबच पुढे आलाय." मी हसले. पण खांबाच्या जागी कुणाचं लेकरू असतं तर? त्याच दिवशी मी ड्रायव्हिंग स्कूलमध्ये नाव घातलं.

शेवटी ह्यांना पत्ता लागलाच. गाडी काढून थेट तिथे येऊन उभे राहिले.

"खेळण्यावर गाडी शिकतेस? ऊठ, मी दाखवतो."

बसले. आणि काय झोकात चालवली! मी बघतच राहिले. तेवढ्यात डाव्या पडद्यावरून एक सायकलवाला आला. मला दिसला, मुलीला दिसला, ह्यांना नाही. पडदा लाल.

"हा कुठून टपकला?"

"काका, तो मघापासून होता," मुलगी हळूच म्हणाली.

"छे! यंत्र बिघडलंय तुझं. परत लाव."

परत लावलं. या वेळी उजवीकडून दप्तर घेतलेली एक पोर आली. पुन्हा पडदा लाल झाला. आता हे स्टिअरिंग धरून तसेच बसून राहिले.

"अगं, तुला दिसली होती ती?"

खोटं बोलावंसं फार वाटलं. "हो," मी म्हणाले.

त्या दिवशी आमची गाडी शिकवणाऱ्या मुलीनेच घरी आणली. हे मागच्या सीटवर बसले. मला पोटातून वाईट वाटत होतं, आणि खरं सांगायचं तर सुटल्यासारखंही.

पुढच्या आठवड्यात मुलगी मला खऱ्या रस्त्यावर न्यायला आली. बाहेर येऊन बघते तर हे गाडीपाशी गुडघे टेकून ड्रायव्हरची सीट पुढे ओढतायत. इतकी वर्षं ती ह्यांच्याच पायांना बेतलेली, जागची हलेना. तेल सोडलं, दोन दणके दिले, तेव्हा कुठे करकरत सरकली.

"बस. पाय पुरतात का बघ," हे म्हणाले, आणि मी कुठे उभी आहे ते बघायला त्यांनी पूर्ण मान वळवली.