चिमाजीशेटची मागची खोली

भातं निघाली की भोरकडचे शेतकरी निरोपावर निरोप धाडायचे. सोजराबाई, मेंढरं आमच्या रानात बसवा. चार रात्री कळप बसला की लेंड्यांचं खत होतंय, म्हनून एवढा मान. सावळाराम पाटलाच्या रानात तर आमी वीस वर्सं बसलो. मला येडीला वाटायचं, हितं आपली जागा हाय.

धरणाचं पानी चढलं त्याच्या पुढच्या साली वेल्ह्याच्या डोंगरात धनी घसरले अन् त्यांचा खुबा मोडला. कळपामागं चालनं सपलं. म्हनलं, आता बिऱ्हाड एका जागी पायजे. पाटलाकडं खोपटापुरती जागा मागितली, तर म्हने, आठ दिस ऱ्हावा, कायमचं नगं, उद्या हक्क सांगाल. वीस वर्सं मेंढरं चालली, पांगळा मानूस चालंना. असा संताप आला म्हनता!

मग भोरात गेले. धरणात घरं गेलेली मानसं आधीच तितं दारोदार जागा हुडकत हुती, मला कोन इचारतंय? शेवटी चिमाजीशेट दुकानदाराच्या घराची मागची खोली रिकामी घावली. शेट म्हनाले, खोली देतो, पर मेंढरांचा वास खपायचा न्हाई. कळप मोडा, मग या.

धा दिस माजं तळ्यात-मळ्यात चाललं. मग कळप दीर बाजीभाऊंच्या हवाली केला. ल्हानाची मोठी केलेली मेंढरं माजी, लई रडले. धन्यांना घोड्यावर बसवून भोरला आनलं. ते सरकत सरकत खोलीत शिरले, भितीला पाठ टेकली, पाय पसरले. लई दिसांनी त्यांच्या तोंडावर जरा सुख दिसलं.

तेवढ्यात शेट आले. मेंढरं खरंच गेली का, त्यांनी इचारलं. व्हय म्हनलं. तर डोकं खाजवत म्हनतात, "मग बाई, आता तुम्ही खाणार काय, अन् भाडं कुठून देणार?"

"तुमीच म्हनला न्हवं, कळप मोडा म्हनून?"

"म्हणालो. पण बिनकमाईचं बिऱ्हाड मी ठेवत नाही. उठवा त्यांना."

धनी माज्याकडं बघाय लागले. धनी आत असतानाच शेटनी कुलूप लावाया कवाड वढलं, तशी मी उंबऱ्यातच फतकल मारली. कवाड गुडघ्यावर बसलं, लई लागलं. मी हलले न्हाई.