सगळे हक्क असलेलं खातं

मित्रांनो, मी एक जुना, ढोल्या पडद्याचा कॉम्प्युटर आहे. आज मला पाहून तुम्ही हसाल. पण दोन हजार चार साली गुडगावजवळच्या द्वारकेतल्या एका नव्या सोसायटीच्या चौथ्या मजल्यावर मी आलो, तेव्हा माझ्या कपाळाला कुंकू लागलं होतं. सोसायटीतले निम्मे फ्लॅट तेव्हा रिकामेच होते. खिडकीतून वाळूचे ढीग दिसत आणि मेट्रोचे अर्धवट खांब.

मला गुणवंतकाकांनी जोडलं, हॉलमध्ये, जमिनीवर वर्तमानपत्र पसरून. घरातले बाबा म्हणजे प्रसन्न, ते गुडगावला नोकरीला. गुणवंतकाका त्यांचे मित्र. घरातली आई, रेवती, काकांच्या खांद्यावरून माझा एकेक स्क्रू बघत होती. "शॉक नाही ना बसणार? रसिका हात लावेल हो." रसिका तेव्हा चौथीत होती.

"वहिनी, दोन खाती काढून देतो," काका म्हणाले. "रसिकाचं साधं. त्यावरून तिला नवं काही भरता येणार नाही. दुसरं तुमचं, ॲडमिनिस्ट्रेटर. सगळे हक्क त्याला."

"म्हणजे सासूबाईच की!"

"बिल्कुल! आणि पासवर्ड कुणाला कळेल असा ठेवू नका."

काका गेले. रसिका आतल्या खोलीत झोपली होती, प्रसन्नला यायला अजून तीन तास होते. रेवती माझ्यासमोर बराच वेळ नुसती बसून राहिली. बाहेर उजेड उतरत चालला होता. मग तिने एक मराठी शब्द इंग्रजी अक्षरांत टाइप केला, तोच पुन्हा एकदा केला, आणि दिवा लावायला उठली. तो शब्द फक्त तिला आणि मला ठाऊक.

पुढचं वर्ष माझ्या सुखाचं होतं. रसिका शाळेतून आली की दप्तर फेकून माझ्यापाशी यायची. चित्रं काढायची, पत्ते लावायची, माझ्याशी हिंदीत गप्पा मारायची. "किती शहाणा आहेस यार तू!" असं म्हणून एकदा तिने माझ्या डोक्यावर टॉवेल घातला, थंडी वाजू नये म्हणून. खाली मुलं खेळत, त्यांचा आवाज वर येई. पण रेवतीने ठरवूनच टाकलं होतं. खाली सळया, खड्डे, ट्रक. "आपण घरातच बऱ्या." मला ते बरंच वाटायचं, खोटं कशाला सांगू?

मग दुसऱ्या मजल्यावर सुनयना राहायला आली. लिफ्टमध्ये तिची आणि रसिकाची ओळख झाली आणि शनिवारी ती गेमची सीडी घेऊन आमच्याकडे येणार असं ठरलं. घरी येणारी ती रसिकाची पहिली मैत्रीण. रसिकाने माझा पडदा ओल्या फडक्याने दोनदा पुसला. दोन खुर्च्या मांडल्या.

सीडी आत गेली, घरघरली, आणि माझ्या पडद्यावर चौकोन उघडला. हा गेम चालवायला ॲडमिनिस्ट्रेटरचे हक्क हवेत. पासवर्ड द्या.

"मम्मा!"

रेवती हात पुसत आली. तिने सीडी उलटसुलट करून पाहिली, सुनयनाला चार प्रश्न विचारले, मग म्हणाली, "अच्छा. दोघी तिकडे तोंड करा."

तिने शब्द टाइप केला. चूक. पुन्हा केला. चूक. पहिलं अक्षर मोठं करून पाहिलं, एक 'ए' वाढवून पाहिला. चूकच. शब्द तिला पाठ होता. तो इंग्रजीत कसा लिहिला होता, तेच आठवेना. मला एकेक अक्षर माहीत होतं, पण मला सांगता कुठे येतं?

"आंटी, कंप्यूटर आपका ही है ना?" सुनयनाने विचारलं.

रसिकाचे कान लाल झाले. "मम्मा, शब्द तरी सांग. मी लिहिते."

"कातरवेळ," रेवती म्हणाली.

"म्हणजे?"

"म्हणजे... संध्याकाळ होत येते ना, तेव्हा उगाच कसंतरी होतं. घरात सगळं ठीक असतं, तरी होतं. ती वेळ."

रसिकाने विचार केला. "ते मला रोज होतं. खालून आवाज येतात तेव्हा. मला वाटलं, भूक लागते."

रेवतीने खिडकीकडे पाहिलं.

सुनयना खुर्चीवरून उतरली. "छोड़ ना यार. नीचे पिट्ठू खेल रहे हैं सब. आ रही है?"

रसिकाने आईकडे पाहिलं. तिने विचारलंसुद्धा नाही. तिला उत्तर माहीत होतं.

"बूट घाल," रेवती म्हणाली. "आणि सळयांच्या बाजूला जायचं नाही. जा."

दोघी जिना उतरत गेल्या. लिफ्टची वाटही पाहिली नाही. रेवती खिडकीशी गेली आणि गज धरून खाली बघत राहिली. बऱ्याच वेळाने ती परत आली आणि उभ्याउभ्याच तिने तो शब्द लिहिला, या वेळी 'व्ही' ऐवजी 'डब्ल्यू' घालून. चौकोन मिटला. गेम सुरू झाला. रंगीत गाड्या आल्या, बाजा वाजला. समोरच्या दोन्ही खुर्च्या रिकाम्या होत्या. रेवतीने आवाज बारीक केला, मला चालूच ठेवलं आणि पुन्हा खिडकीशी गेली.

त्यानंतर रसिका माझ्याकडे यायची, पण धापा टाकत, घामेजलेली, दहा मिनिटांपुरती. पुढे तिच्या खात्यालाही सगळे हक्क मिळाले. तोवर तिला त्यांची फारशी गरज उरली नव्हती. मग पातळ पडद्याचा लॅपटॉप आला आणि मी माळ्यावर गेलो. इथे अंधार आहे. वर्षातून एकदा, दिवाळीच्या साफसफाईला, कुणीतरी मला जरासा सरकवतं.

मित्रांनो, माझी एक विनंती आहे. माझ्यासारख्या म्हाताऱ्या यंत्रावरची धूळ कधीमधी पुसा. आणि तुमच्या वर्गात, तुमच्या जिन्यात एखादं मूल मशीनसमोर फार वेळ एकटं बसत असेल, तर त्याच्या दारावर टकटक करा. त्याला खाली बोलवा. मागे ते मशीन एकटं पडेल, ते मी जाणतो. तरीही बोलवा.