चावीचा कॅमेरा आणि आईचे हात

मित्रांनो, मी एक जुना चावीचा कॅमेरा आहे. मला ना बॅटरी लागते, ना वायर. कुशीतली चावी पिळली की पोटातली स्प्रिंग आवळते आणि मी कुरकुरत चालू लागतो. एका दमात मी अर्धा मिनिटही चालत नाही, पण त्यावरून कुणी मला नावं ठेवलेली खपत नाहीत.

माझी मालकीण सिनेमातली नटी. पडद्यावर रडायचं, झुरायचं आणि नायकाची वाट पाहायची, याचा तिला एके दिवशी वीट आला. तिनं मला घरी आणलं आणि सांगून टाकलं, की आता आपला सिनेमा आपणच काढणार आणि त्यात आई दिसणार. आई कायम धुण्याभांड्यांत आणि शिवणात बुडालेली. "माझं मेलीचं काय काढायचं त्यात?" असं म्हणून ती पाठ फिरवून कामाला लागली.

बरीच मनधरणी झाली तेव्हा ती फक्त हात दाखवायला तयार झाली. चादरी पिळणारे, बटणं शिवणारे, ओटा पुसणारे ते हात मी मन लावून टिपले. दुसऱ्या दिवशी मालकिणीनं कोरं समजून तेच रीळ पुन्हा माझ्यात भरलं आणि आरशासमोर बसून स्वतःचा चेहरा काढला. मला सगळं कळत होतं, पण मला मेल्याला तोंड कुठं आहे!

रीळ धुणाऱ्यानं कपाळाला हात लावला. चित्रावर चित्र चढलंय, टाकून द्या, म्हणाला. मालकीण रडकुंडीला आली, कारण आईला पुन्हा राजी करणं कठीण होतं. तरी तिनं ते रीळ भिंतीवर लावलं आणि बघतच राहिली. तिच्या चेहऱ्यावरून आईचे हात फिरत होते, तिला घडवत असल्यासारखे.

पहिल्या खेळाला निम्मे लोक उठून गेले. मालकिणीच्या भावोजींनी यथेच्छ टिंगल केली. मागच्या खुर्चीवर बसलेली आई मात्र हलली नाही. दिवे लागल्यावर ती हळूच म्हणाली, "हे मी जन्मभर करतेय गं. दिसलं मात्र आज."

दुसऱ्या दिवशी ती आपणहून माझ्यासमोर येऊन बसली, चांगली तोंडासकट!

त्या चुकीचीच पुढे मालकिणीनं रीत केली. कितीतरी घरांतल्या बायका तिनं अशाच पडद्यावर आणल्या. कुणी हसलं, कुणी डोळे पुसले. मग नवी यंत्रं आली आणि मी कपाटात गेलो. स्प्रिंग आखडली, भिंगावर बुरशी चढली. फार एकटं वाटायचं हो.

परवा मालकिणीच्या भाचीनं मला बाहेर काढलं, पुसलं, तेल दिलं. मालकीण आता पिकल्या केसांची झालीय. ती कप विसळत उभी होती. भाचीनं मला तिच्याकडे वळवलं, तशी ती म्हणाली, "माझं काय काढायचं त्यात?"

मित्रांनो, जुन्या यंत्राला कोंडून ठेवू नका. आणि तुमच्या घरात असं म्हणणारं कुणी असेल, तर आधी त्यांच्याकडे वळा. भाचीनं माझी चावी पिळली आणि मी कुरकुरत चालू लागलो.