व्हर्लिनच्या टर्क्या

डॅरेलला एक वाईट खोड होती. यंत्र अडलं की त्याला शेजारचा माणूस दिसेनासा व्हायचा. अमेरिकेत, मिनेसोटातल्या टर्की पक्ष्यांच्या कितीतरी फार्मांचं नेटवर्क त्यानं बसवलेलं, त्यात मेहुण्याचं, व्हर्लिनचंही. जुलैच्या भर दुपारी तो व्हर्लिनच्या ऑफिसात बसून नेटवर्क-स्विचचं फर्मवेअर, म्हणजे त्याच्या आतला प्रोग्रॅम, बदलत होता. फार्मवरच्या सगळ्या तारा याच पेटीत येत. शेडमधले पंखे हिच्याच हुकमानं फिरत.

"ऊन तरी उतरू दे," व्हर्लिन म्हणाला होता.

"पाच मिनिटांचं काम आहे. मला पुढं जायचंय. तू कॉफी पी."

नवं फर्मवेअर चढलं, स्विच बंद होऊन चालू झाला, आणि लगेच पुन्हा बंद. पुन्हा चालू, पुन्हा बंद. घ्या, अति शहाणा त्याचा बैल रिकामा! डॅरेलनं लॅपटॉप थेट स्विचला जोडला आणि स्क्रीनमध्ये डोकं खुपसलं. वीस मिनिटं तशीच गेली.

"पंखे थांबले असतील. शेडच्या बाजूचे पडदे हातानं उघडून येऊ का, वारा तरी येईल?"

"कशाला हात लावू नकोस. मग सगळी हवा नव्यानं जुळवत बसावं लागेल. दोन मिनिटं थांब."

"बरं. तसं काही असतं तर गजर वाजलाच असता म्हणा." व्हर्लिन खुर्चीत टेकला.

डॅरेलची बोटं थबकली. गजराची तारही याच पेटीतून जात होती, आणि ती त्यानंच जोडली होती. सांगायचं तर आत्ताच सांगायला हवं होतं. पण जुनं फर्मवेअर परत चढत होतं, निम्म्याच्या वर गेलं होतं. मेल्याला वाटलं, होतंच आहे आता, उगाच कशाला शोभा करून घ्या.

"जाऊ का रे?" व्हर्लिननं पुन्हा विचारलं.

"झालंच. बस."

आणि झालंही. हिरवे दिवे लागले, पलीकडे पंखे घरघरले.

शेडचं दार उघडताच गरम, कोंदट वास अंगावर आला. पंखे जोरात फिरत होते. खाली टर्क्या भिंतींशी एकमेकींवर चढून पडल्या होत्या. मधूनच एखादी मान हलत होती. व्हर्लिननं एक टर्की उचलली, जरा वेळ धरली आणि हळूच खाली ठेवली.

"गजर कसा नाही वाजला?"

"तोही त्याच स्विचवर होता."

"हे तुला कधी कळलं?"

व्हर्लिनला तारांमधलं ओ की ठो कळत नव्हतं. आत्ताच कळलं म्हटलं असतं, तरी त्यानं मान डोलावली असती.

"तू दुसऱ्यांदा विचारलंस ना, जाऊ का म्हणून," डॅरेल म्हणाला. "त्याच्या आधी."