तुतीची वाटी

अहल्येनं फ्रीझरमधली शेवटची पिशवी चाळणीत उपडी केली. तुतीच्या फळांचा बर्फाळ गोळा काही सुटेना.

"सूट की बाई आता!" ती उलथन्यानं टोचत म्हणाली.

खाली पातेल्यात जांभळा रस ठिबकू लागला. बाकीची फळं सकाळपासून ओव्हनमध्ये मंद आचेवर वाळत होती, वाफ जायला दार किलकिलं ठेवून. विश्वेश्वर यशवंतपूरला त्याच्या मित्राकडे, गुंडोकडे जेवायला गेला होता. तो यायच्या आत सगळं बरणीत भरायचं होतं. तिचा पाय एका जागी ठरत नव्हता.

लेक सौम्या टोरांटोहून उगादीच्या सणाला येणार, म्हणून दारच्या तुतीची फळं तो रोज स्टुलावर चढून काढायचा. आणि सौम्या येणार नव्हती. रजा मिळाली नाही, डिसेंबरात बघू, असं तिनं आईला कळवून तीन आठवडे झाले होते. बायपास झालेल्या नवऱ्याला हे सांगायचं कसं? अहल्येची जीभच उचलेना. निदान फळं टिकली, तर सांगताना हातात काहीतरी असेल.

फाटक वाजलं. मेल्या बसेस आजच कशा वेळेवर आल्या!

विश्वेश्वर थेट स्वयंपाकघरात आला.

"वाळवतेस?"

"फ्रीझर स्वल्प साफ करायचा होता. म्हटलं..."

त्यानं ओव्हनमधला ट्रे बाहेर ओढला आणि एक फळ उचलून चिमटीत दाबलं.

"आत ओल आहे अजून. आणखी दोन तास ठेव. नाहीतर डिसेंबरपर्यंत बुरशी धरेल."

अहल्येचा हात चाळणीवरच थांबला.

"डिसेंबर? तुम्हाला कुणी सांगितलं?"

"तूच. फोनवर बोलत होतीस ना त्या दिवशी? खिडकी उघडी होती आणि मी बाहेर स्टुलावर."

ती मटकन खुर्चीत बसली. मग एकदम भडकली.

"अहो, मग पुढं तीन आठवडे कशाला चढत होता? पडला असता म्हणजे?"

"तू रोज सकाळी वाटी हातात द्यायचीस," तो म्हणाला. "नाही कसं म्हणणार?"

त्यानं ट्रे परत आत सरकवला.

सकाळी कॉफी झाल्यावर तिनं वाटी घेतली. आज ती त्याच्या हातात दिली नाही.

"वरच्या फांदीला आहेत अजून," ती म्हणाली. "चला, स्टूल मी धरते."